पाहिलं तेवढंच

मी, मीराबाई नत्थू पराते, वय अडुसष्ट, राहणार सक्करदरा, नागपूर, पूर्ण शुद्धीत, कोणाच्याही दबावाखाली न येता हे मृत्युपत्र लिहिते. दबाव आला नाही असं नाही. आला, मी जुमानला नाही.

१. राहतं घर मुलगी नंदिनीला. वरच्या खोलीवर दीर गोपाळराव हक्क सांगतील. तिथे त्यांच्या फक्त लोणच्याच्या बरण्या आहेत. त्या घेऊन जाव्यात.

२. मालकांचा हातमाग भंगारात घालू नये. विणायला शिकेल त्या कोणाही पोरीला द्यावा.

३. माझा मुलगा कुशल याचा पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी मारबतीच्या मिरवणुकीत खून झाला. त्याच्याच मंडळातला अंकुश त्यासाठी तुरुंगात आहे. मिरवणुकीतला बडग्याचा पुतळा कोणी धरायचा यावरून दोघांचं सकाळीच वाजलं होतं. मी ओट्यावर होते. सुरा मारणाऱ्याची पाठ दिसली. मंडळाच्या सगळ्या पोरांच्या अंगात तोच पिवळा सदरा, तोंडं गुलालानं माखलेली. चेहरा मला दिसला नाही. गल्लीतले चौघे मात्र "अंकुशच" म्हणतात, आणि चौघांचे शब्दही तेच. असणारच! गोपाळरावांनी बैठक घेऊन घोकून घेतलेत.

माझी साक्ष अजून व्हायची आहे. भाऊजी मलाही म्हणाले, "वहिनी, पोरगं तुमचं गेलं न! चेहरा पाह्यला म्हना, काय जाते तुमचं?"

"जे पाह्यलं तेच सांगीन, भाऊजी. तुमाले राग आला तं येऊ द्या."

मलाही वाटतं, अंकुशनंच मारलं. त्याच्या आईचं तोंड पाहवत नाही मला. पण ते माझं वाटणं झालं. त्यावर कोणाचं पोरगं फासावर चढवायचं नाही.

४. साक्षीच्या तारखेआधी मी गेले, तर "मरताना नाव सांगून गेली" असं कोणी कोर्टात म्हणेल. साफ खोटं. तापात बरळले तरी ती साक्ष धरू नये. नंदिनीनं तसं सांगितलं, तर घर तिलाही नाही. पोटची असली तरी नाही.

५. भाऊजी या कागदावर साक्षीदार व्हायला तयार होते. "तुमी लिहून ठेवा, मी सवडीनं घरी सही करतो."

"काहून भाऊजी, न पाहताच?"

ताडकन उठून गेले.

खालच्या दोघांनी समोर बसून मला सही करताना पाहिलं आहे. माझ्या मनात काय होतं ते त्यांनी पाहिलेलं नाही. त्यांना ते विचारू नये.

मीराबाई नत्थू पराते (सही)

साक्षीदार:
१. जनाबाई हेडाऊ (सही)
२. ओमप्रकाश साहू (सही)

नागपूर, दि. ९ जानेवारी २०२५