हँडलवाला डॉक्टर

ती. आईस,
इतक्या लांबून वाकून नमस्कार.

मी खुशाल आहे. भूकंप होऊन गेला, आता जमीन क्वचितच हलते, तेव्हा काळजी नको. जेवण मिळतं. झोपेचं तेवढं विचारू नकोस. तुझे गुडघे कसे आहेत? धाकटी औषध देते ना?

डॉक्टरांच्या मदतकार्याची फिल्म काढायची, म्हणून दवाखान्याच्या तंबूबाहेर उन्हात कॅमेरा मांडलाय. हँडल फिरवून फिरवून खांदा भरून आलाय. गंमत म्हणजे, असलं यंत्र इथं कुणी पाहिलेलंच नाही. मलमपट्टी झाली की लोक माझ्यासमोर येऊन बसतात आणि दुखरा हात पुढे करतात. त्यांना वाटतं, हाही उपचारच! मी समजावून थकलो. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "असू द्या हो, तेवढंच बरं वाटतं त्यांना."

काल एक आजी आली. अंगावर साधा ओरखडाही नव्हता. छातीवर हात ठेवून म्हणाली, "घरातली मी एकटीच उरले. इथं दुखतंय. जरा जास्त वेळ फिरव, बाळा."

फिल्म सकाळीच संपली होती, आई. ती आपणहून उठेपर्यंत मी रिकामाच कॅमेरा फिरवत राहिलो.

धाकटीला म्हणावं, आईच्या गुडघ्यांवरून रोज हात फिरवत जा.

तुझा,
थोरला