दोराचं दुसरं टोक

१२ फेब्रु. ७३, सोमवार
साहेबांबरोबर स्टेशनच्या मालधक्क्यावर. ट्रस्टनं जुनी कापसाची वखार दिली आहे, उघड्यावर झोपणाऱ्यांसाठी तिथं निवारा करायचा. साहेब इंजिनिअर, नकाशा काढणार मी. म्हणाले, आधी माणसं बघून घ्या बाई. बघितली. दुष्काळानं करमाळ्याकडची गावंच्या गावं गाडीत बसून आलेली. वाकळा, तीन दगडांच्या चुली, पोरं. मला काही वाटलं नाही. वाटायला हवं होतं बहुतेक. साहेब रुमालानं डोळे पुसत होते. धूळही असेल.

एक जोडपं केमचं. म्हातारा सोपान, आंधळा. दोर वळायचा. जनावरंच राहिली नाहीत तर दावी कोण घेणार? बायको गजराबाई. दोघांच्यामध्ये एक बारीक दोर. एक टोक त्याच्या मनगटाला, दुसरं तिच्या घोट्याला. रात्री उठायचं झालं की तो हिसका देतो.
'दिसत न्हाय न्हवं मला. ही हाय म्हणून मी हाय.'
गजराबाई चूल फुंकत होती. 

१४ फेब्रु.
ट्रस्टच्या मंडळाची अट: मधोमध भिंत. इकडं बायका, तिकडं पुरुष. दारंसुद्धा दोन टोकांना. मी विचारलं, नवराबायकोचं काय? कोपऱ्यात एखादी खोली?
साहेब : 'बाई, निवारा आहे. लॉज नाही.'
भिंत काढली. सरळ आली. माझ्या रेघा सरळच येतात, बाकी काही येवो न येवो.

डोळ्यांपुढे तो दोर येतो. भिंत झाली की काय करतील?

१५ फेब्रु.
वैनी म्हणाली, 'एकदा रडून घे गं. आत ठेवू नये.' मागच्या पावसाळ्यात हे गेले, तेव्हापासून मी अण्णाकडे. दुकानाच्या मागच्या खोलीत, ज्वारीच्या पोत्यांशेजारी माझं अंथरूण. अण्णा वैनीला कानडीत म्हणाला, 'इरली बिडु.' असू दे, सोड. भाऊ चांगला आहे. वैनीही चांगलीच आहे.
रडू येत नाही. झोप मात्र पडल्या पडल्या लागते. हे वैनीला कसं सांगणार?

२२ फेब्रु., गुरुवार
सुचलं. भिंतीत अगदी खाली, फरशीला लागून एक भोक. वितीएवढं. दोर आरामात जाईल. नकाशात लिहिलं : 'फरशी धुतल्यावर पाणी जाण्यासाठी.' साहेबांनी चष्मा वर करून पाहिलं. 'पाणी जायला बाहेरच्या भिंतीत आहे की जागा.' म्हटलं, एकाच बाजूनं काढलं तर गटार एकच लागेल, खर्च वाचेल. खर्च म्हटलं की साहेबांची सही होते.

१ मार्च
मंडळाची हरकत. बायकांच्या हॉलमधलं पाणी पुरुषांच्या बाजूला यायचं नाही. का, ते कुणी उघड बोललं नाही. सगळे माझ्याकडे बघायचं टाळत होते, मी एकटीच बाई ना खोलीत. साहेब म्हणाले, मग उतार उलटा करू, पुरुषांचं पाणी बायकांकडं जाईल. ते मात्र सगळ्यांना चाललं. चहा आला.
भोक राहिलं एवढं खरं. हसू यायला हवं होतं.

१९ मार्च, सोमवार
वखारीत काम जोरात. महबूब मिस्त्री भोकापुढं उकिडवे बसून : 'बाईसाब, इत्ता नीचे कायकू? चुव्हे आते.' म्हटलं, येऊ देत. त्यांनी मान हलवली आणि चौकट बसवली.

तिथून मालधक्क्यावर. सोपानला सगळं समजावून सांगितलं. त्याचा चेहरा एवढा फुलला की मला बाजूला बघावं लागलं. 'देवमाणूस हायसा बाई तुमी.' गजराबाईनं एकच विचारलं, 'भित किती उच हाय?'
'छतापर्यंत.'
'पार वरपतूर?'
घाबरली असेल. म्हटलं, भोक आहे ना, काळजी करू नका. 'व्हय,' म्हणाली.

८ एप्रिल, रविवार
उद्घाटन. नारळ, भाषणं. ट्रस्टच्या शेटजींनी फीत कापली. संध्याकाळी माणसं आत आली. सोपाननं भिंतीला हात लावत लावत भोक शोधलं, तिथंच वाकळ टाकली आणि दोराचं टोक पलीकडं सरकवलं. पलीकडून गजराबाईनं धरलं. सगळे बघत राहिले. शेटजींना गहिवरून आलं. साहेब माझ्या कानाशी : 'तुमचं पाणी आज कळलं बाई मला.' रागावले नाहीत.
बरं वाटलं. बऱ्याच दिवसांनी वाटलं म्हणून लिहून ठेवते.

१६ एप्रिल, सोमवार
बायकांच्या बाजूला पाणी साचतं अशी तक्रार, म्हणून ऑफिसआधी वखारीत गेले. ऊन चांगलं वर आलेलं. बायका कामाला निघून गेलेल्या. भोकापाशी ओल होती, अंथरूण नव्हतं. दोर होता. आत आलेला, भिंतीवरच्या खुंटीला बांधलेला.
गजराबाई पार दुसऱ्या टोकाला, दाराशी. गाढ झोपलेली. तोंड उघडं.
भोकातून आवाज. 'गजरे. ए गजरे.' दोर ताणला, ढिला पडला, परत ताणला. मग तिकडून दुसराच कुणी म्हणाला, 'चला बाबा, मी नेतो,' आणि पावलं गेली.

ती जागी झाली. मला बघून आधी दचकली, मग पदर सावरला.
'बाई, त्यानला सांगू नगा.'
म्हटलं, रात्री त्यांना काही लागलं तर?
'तिकडं मायंदाळ माणसं हायत की. कुनीबी हात धरतंय. धक्क्यावर मी जवळ व्हते म्हणून कुनाला हाकच मारत न्हवता.'
मी म्हटलं, आंधळा माणूस आहे.
'डोळं आता गेलं ओ. चार पावसाळं झालं आसतील. दोर आदीपासनं हाय. लगीन झालं तवापासनं.'

मला राग आला. कुणाचा ते कळेना. उताराचं माप न घेताच परत आले. साहेबांना सांगितलं, घेतलं.

१७ एप्रिल
आज उतार नीट मोजून आले. तिच्याकडे बघितलं नाही.
'लगीन झाल्यापून सबंद रात झोपले न्हवते,' हे ती काल शेवटी म्हणाली होती. काल लिहिलं नाही.

१८ एप्रिल
ह्यांनी माझ्यावर कधी हात उगारला नाही. आवाजसुद्धा नाही. पण ह्यांनी कूस बदलली तरी मला जाग यायची. पाणी हवंय का, पंखा हवाय का. हे विचारायचे, 'जागीच का?' मी म्हणायची, हो.
वैनीनं आज पुन्हा तोच विषय काढला. मी ताट घेऊन उठले. ती बिचारी रडली, माझ्या वाट्याचं.

२० एप्रिल, शुक्रवार
साहेब खुशीत. मंडळानं जोडप्यांसाठी खोल्या मंजूर केल्या, सध्या एकच बांधायची. शेटजी तो दोर जो भेटेल त्याला सांगत सुटलेत. 'तुमचंच म्हणणं होतं बाई, सुरुवातीपासून.' पहिली खोली सोपान-गजराबाईला. सोमवारी ३० ला नकाशा हवा.
माझंच म्हणणं होतं. तेच तर.

सोपानला कुणीतरी आधीच कळवलं. संध्याकाळी गेले तर हॉलभर सांगत होता, 'आता मदी भितच न्हाय!'

२४ एप्रिल, मंगळवार
दुपारी गजराबाईला गाठलं, नळावर. विचारलं, काय करू?
'तुमीच काडता न्हवं नकाशा? मग काडू नगा की.'
म्हटलं, मी नाही काढला तर साहेब काढतील. तासाभराचं काम आहे. तुम्हीच सांगा त्यांना, नको म्हणून.
'मी सांगू? आन् मग म्हाताऱ्याला काय सांगू?' घागर भरून वाहत होती, तिचं लक्ष नव्हतं. 'त्याला सोडून जात न्हाय मी. करते की समदं. दिसभर हाय त्याच्याजवळ. रातच्याला तेवडी भित ऱ्हाऊ द्या.'
मी घागर उचलून दिली. डोक्यावर घेऊन गेली.

२६ एप्रिल
एक तरुण जोडपं, जेऊरचं. तिच्या कडेवर तान्हं, तो तिकडच्या हॉलमध्ये. पोर रात्रभर रडतं, बाकीच्या बायका तिला बाहेर काढतात. ऑफिसात येऊन दोघं उभे राहिले. 'खोली कवा व्हनार, बाई?' लवकरच, म्हटलं.
त्यांना हवी आहे. खरंच हवी आहे.
साहेबांना म्हटलं, पहिली खोली ह्यांना देऊ. साहेब : 'शेटजींनी त्या आंधळ्याचं नाव सगळीकडं सांगितलंय. आता कसं फिरवायचं?'

आज पोत्यांच्या खोलीत झोप आली नाही. म्हणजे काहीतरी वाटतंय.

३० एप्रिल, सोमवार
बोर्डावर ट्रेसिंग पेपर लावला. खोली काढली. चारही भिंती, दार, वर एक खिडकी, चुलीचा कोपरा, धूर जायला झरोका. साहेबांची पद्धत अशी की अंथरुणंही चौकोन काढून दाखवायची, म्हणजे मंडळाला जागा पुरते हे दिसतं.
एक चौकोन काढला. दाराजवळ, म्हाताऱ्याला बाहेर पडायला सोपं.
दुसरा राहिलाय. शेजारी काढला, खोडला. चुलीच्या कोपऱ्यात काढला, खोडला. कागद तिथं पातळ झालाय, आता जास्त खोडता येणार नाही.
साहेब दोनदा डोकावून गेले. 'झालं का बाई?'
होतंय, म्हटलं.