हर्षदाचा फ्लॅट आणि माझा हिशेब

५ जानेवारी २०२५, रविवार

दौंडातलं हे घर — पाया, भिंती, जिना, गिलावा. खिडक्यांच्या चौकटी, ग्रिल, पुढचं गेट. टाकीचा स्टँड. स्वयंपाकघराचा ओटा — पहिल्यांदा अर्धा इंच उतार चुकला, फोडून पुन्हा केला. हर्षदाचं अभ्यासाचं टेबल, जे अजून हलत नाही. वर्कशॉपचं शेड, आणि त्यातलं पाइप वाकवायचं मशीन. वेल्डिंग कुणी शिकवलं नाही. ड्रॉइंग वाचायला कुणी शिकवलं नाही. दहावी नापास! पण माझ्या कुठल्याही गेटाचे दोन्ही कर्ण मोजा, सारखेच येतील.

आणि घरावर एक रुपया कर्ज नाही. अकरा वर्षं लागली. पैसे आले की एक भिंत, संपले की थांबायचं. माझे वडील मेंढरं घेऊन राहू गावाहून कोकणात उतरायचे, बिऱ्हाड घोड्याच्या पाठीवर. त्यांच्या पोराने स्लॅब टाकला, तोही कुणापुढे हात न पसरता.

हे सगळं आज लिहावंसं वाटलं कारण हर्षदा जेवताना म्हणाली, "आबा, शिरूरला फ्लॅट बुक केला." भाजीत मीठ कमी आहे म्हणावं तसं! सत्तावीस लाखांचा. पाच तिचे, बावीस बँकेचे, वीस वर्षं. एक लाख देऊनही आली. पाच फेब्रुवारीला नोंदणी.

रांजणगावच्या कारखान्यात क्वालिटीला आहे, पगार चांगला, शिरूरला मैत्रिणींबरोबर खोली घेऊन राहते. सगळं मान्य. पण वीस वर्षं? आज सत्तावीसची आहे. फिटेपर्यंत सत्तेचाळीसची होईल!

मी म्हणालो, "गच्चीवर खोली बांधतोय तुझ्यासाठी."

"दौंडाहून रोज रांजणगाव कसं गाठू, आबा?"

मी पापड मागितला.

७ जानेवारी, मंगळवार

बावीस लाख, साडेआठ टक्के. वर्षाचं व्याज एक लाख सत्त्याऐंशी हजार. वीस वर्षांचं सदतीस लाख चाळीस हजार. मुद्दल धरून एकोणसाठ लाख चाळीस हजार!! दोनदा तपासलं. रविवारी कागद तिच्या ताटाशेजारी ठेवतो. बोलायची गरजच नाही.

१२ जानेवारी, रविवार

कागद ठेवला. तिने वाचला. हसली नाही, हे तिचं चांगलं.

"आबा, हे पतसंस्थेच्या टेंपो-कर्जासारखं धरलंय तुम्ही. पहिल्या दिवसाच्या रकमेवर शेवटपर्यंत व्याज."

"मग? तसंच असतं."

"पतसंस्थेत असेल. घराच्या कर्जात जेवढं मुद्दल राहिलं तेवढ्यावरच व्याज. मुद्दल उतरलं की व्याज उतरतं." मग पेन घेऊन माझ्याच कागदाच्या मागे लिहिलं — हप्ता १९,०९२. गुणिले २४०. पंचेचाळीस लाख ब्याऐंशी हजार ऐंशी.

म्हणजे माझं साडेतेरा लाखांनी चुकलं. ओटा फोडून पुन्हा करावा तशी गत.

हर्षदाची आई रंभा भाकरी थापता थापता म्हणाली, "लेकीनं माप काढलं आज तुमचं."

मी म्हणालो, पंचेचाळीस तरी कमी आहेत का!

१५ जानेवारी, बुधवार

रोज संध्याकाळी शेड बंद केलं की कर्जाचं एक वर्ष वहीत उतरवतो. कॅल्क्युलेटर आहे, पण एकेक महिना हाताने लिहितोय. त्याशिवाय मला कळत नाही.

पहिला हप्ता १९,०९२. त्यातले व्याजाला १५,५८३. मुद्दलाला ३,५०९. पाहुणा जेवून गेला आणि घरधन्याला करपलेली पोळी उरली!

१८ जानेवारी, शनिवार

पाच वर्षं झाली लिहून. भरायचे अकरा लाख पंचेचाळीस हजार. त्यातून मुद्दल फिटतं सुमारे दोन लाख एकसष्ट हजार. पेन खाली ठेवलं, पुढचं कॅल्क्युलेटरवर काढलं. मुद्दल निम्म्यावर यायला चौदावं वर्ष उजाडतं. लोक हप्ता विचारतात — "झेपतोय ना?" — आणि सही करतात. हप्ता म्हणजे घराची किंमत नव्हेच. तो फक्त महिन्याचा घास.

१९ जानेवारी, रविवार

चौफुल्याला गाडी बदलून शिरूरला गेलो, फ्लॅट बघायला. काटकोन्या नेला होता. हर्षदा म्हणाली, "आबा, लोक पेढे नेतात." बाथरूमचा एक कोपरा काटकोनात नाही. बाकी काम बरं आहे. खरं लिहायचं तर चांगलं आहे. पूर्वेची खिडकी मोठी.

तिथे उभ्या उभ्या माझा पाच वर्षांचा हिशेब सांगितला. तिला माहीत होता! एक्सेलमध्ये तिने सगळी वीस वर्षं बघितली आहेत, बुकिंगच्या आधी.

"मग तरी?"

"आबा, खोलीचं भाडं आम्ही तिघी मिळून साडेनऊ हजार देतो. त्यात मुद्दल किती?"

भाडं म्हणजे नुसतं व्याजच, हे खरं. पण भाड्याची खोली महिन्याच्या नोटिशीवर सोडता येते. परतीच्या गाडीत हेच डोक्यात. मी तीन नोकऱ्या सोडल्या. एकदा तर भर दुपारी, सुपरवायझरच्या टेबलावर हातमोजे ठेवून. म्हणूनच आज स्वतःचं वर्कशॉप आहे. हप्ता असता तर ठेवले असते का हातमोजे? ही पोरगी वीस वर्षं साहेबाचं ऐकून घेणार. खरी किंमत पंचेचाळीस लाखही नाही. "नाही" म्हणायची सोय गेली, ती कुठल्या रकान्यात धरायची?

हे मला पहिल्यांदाच सुचलं. चांगलं सुचलं.

२० जानेवारी, सोमवार

रंभाला ते ऐकवलं. ती लसूण सोलत होती. सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "तुम्ही दुपारच्याला नोकरी सोडून यायचा, तवा हप्ता न्हवता. मी होते."

मग तिने मोजायला सुरुवात केली, लसणाच्या पाकळ्या बाजूला टाकाव्या तशी, एकेक. रेल्वे कॉलनीतली चार घरची धुणीभांडी. पत्र्याच्या दोन खोल्या बदलल्या, त्यांचं अकरा वर्षांचं भाडं. दर वर्षी महाग होत गेलेलं सिमेंट. पत्र्याखाली तापलेली हर्षदा, दहावीच्या परीक्षेत अंगावर ओलं फडकं घेऊन बसलेली. "आन् माल कुणी कालवला? घमेली कुणी वाहिली? तुम्ही म्हणता कर्ज न्हाई. व्हतं की. माझ्याकडून व्हतं."

रागाने नाही म्हणाली. ते जास्त लागलं. मला वाटायचं तिला या घराचा माझ्याइतकाच अभिमान आहे. आहेही. पण तिला किंमत माहीत होती. मला फक्त खर्च माहीत होता.

मी म्हणालो, "मग तुझं मत काय? घेऊ दे?"

"ते पोरीच्या नावावर होणार ना?"

"हो."

"मग महाग असंल तर असू दे."

हे घर माझ्या एकट्याच्या नावावर आहे. तिने ते म्हटलं नाही. उठून लसूण कुटायला गेली.

२३ जानेवारी, गुरुवार

आता घेणारच आहे तर नीट समजून घ्यावं. हर्षदाबरोबर बँकेत गेलो. कर्जाच्या टेबलावरच्या बाई वयाने तिच्याएवढ्या. मी वीस प्रश्न लिहून नेले होते. बाईंनी चहा मागवला.

व्याजदर बदलता आहे. एक टक्का वाढला आणि हप्ता तोच ठेवला, तर वीसची पंचवीस वर्षं नऊ महिने होतात! "काका, दर वाढल्याचं पत्र आलं की बाजूला टाकू नका. मुदत वाढवू नका, हप्ता वाढवा, असं लेखी कळवायचं." आणि दर वर्षी एक हप्ता जादा भरला तर कर्ज सव्वातीन वर्षं आधी फिटतं. दंड नाही. हे मला कुणी सांगितलं नव्हतं. मी कुणाला विचारलंच नव्हतं. विम्याचा कागद सक्तीचा नाही, हेही विचारल्यावर स्वच्छ सांगितलं.

बाईच्या नावावर घेतलं तर स्टँप ड्युटीत एक टक्का सवलत. हर्षदा माझ्याकडे बघून हसली.

बाहेर आल्यावर विचारलं तिला, साहेबाशी भांडण झालं तर काय करशील? म्हणाली, सहा हप्ते बाजूला ठेवलेत, आबा. त्याला हात लावणार नाही. भांडायला तेवढे पुरतील.

भांडायला तेवढे पुरतील! माझीच आहे.

२६ जानेवारी, रविवार

हर्षदाला बघायला पाहुणे आले. भांडगावचे साहेबराव, त्यांच्या सिंधूबाई आणि मुलगा माऊली. स्थळ रंभाच्या भावाने, बापूसाहेबाने आणलेलं. शेती आहे, हायवेला दोन गाळे, मुलगा कुरकुंभला इंजिनिअर. तोंडावर हसू, बोलणं मोजकं. मला आवडला. हर्षदालाही वाईट वाटला नाही, हे चहाचा ट्रे ठेवताना कळलं. कप त्याच्या बाजूला थोडा जास्त सरकवला!

सगळं छान चाललं होतं. मग बापूसाहेबाने कौतुकाने सांगितलं, भाचीने स्वतःच्या नावावर फ्लॅट घेतलाय.

साहेबरावांनी बशी खाली ठेवली. "कर्ज?"

"बावीस लाख," हर्षदा म्हणाली.

सिंधूबाई पदर सारखा करत म्हणाल्या, "सोन्यासकट आलेल्या सुना बघितल्यात बाई. हप्त्यासकट येणारी पयलीच."

सगळे हसले. हर्षदाही हसली. म्हणाली, "हप्ता माझ्या पगारातून जाईल, मावशी."

"आन् मग पगार कुठून यील घरात?"

पुन्हा हसू, पण या वेळी थोडकं.

साहेबराव निघताना मला बाजूला घेऊन म्हणाले, "दाजी, मुलगी एकदम पसंत. तेवढं कर्ज पसंत न्हाई. आमच्या घरात वीस वर्सं एक दार बँकेकडं उघडं राहनार, ते बरं दिसत न्हाई. नोंदणी झाली न्हाई अजून. बघा काय होतंय का."

माऊलीला मी गेटाशी विचारलं, तुमचं काय म्हणणं? म्हणाला, "माझी काही हरकत नाही. आप्पा म्हणतील तसं." आप्पा म्हणजे त्याचे वडील.

२७ जानेवारी, सोमवार

ही किंमत कुठल्याच तक्त्यात नव्हती. मुलाने कर्ज काढून घर घेतलं की स्थळं चालून येतात — "स्वतःचा फ्लॅट आहे." मुलीने घेतलं की विचारतात, हप्ता कुणाचा? फ्लॅट तोच, दर तोच, मुदत तीच!

बुकिंगचं लाखभर सोडून द्यावं काय? पुन्हा असं स्थळ येईल काय? दिवसभर एका ग्रिलची डिझाइन तीनदा चुकलो.

२८ जानेवारी, मंगळवार

हर्षदाचा फोन. "आबा, तुम्ही ठरवू नका. मला विचारा."

विचारलं.

"मुलगा बरा आहे. फ्लॅट सोडणार नाही. दोन्ही जमलं तर छान."

३० जानेवारी, गुरुवार

गच्चीवरच्या खोलीसाठी ठेवलेले दोन लाख तिच्या खात्यावर टाकले. बाकीच्या खर्चाला लागतील. ती म्हणाली, उसने म्हणून घेते, व्याज किती लावणार? म्हणालो, उतरत्या मुद्दलावर. खूप हसली. मीही.

रंभाने विचारलं, "वरची खोली?"

"राहू दे."

१ फेब्रुवारी, शनिवार

बापूसाहेबाचा फोन. साहेबरावांच्या मनातून मुलगी जात नाही म्हणे. "काय तरी मार्ग काढत्यात. तुम्ही नुसतं व्हय म्हनायचं."

रंभा आनंदली. दुपारी तिने पुरण घातलं, कारण काही नसताना.

४ फेब्रुवारी, मंगळवार

सकाळी साहेबरावांनी स्वतः फोन केला. उद्याची नोंदणी होऊ द्या, पण माऊलीच्या नावाने. बँक नको, कर्ज नको, सगळी रक्कम ते एकरकमी भरणार. तिचे पैसे तिला परत. पोरगी त्याच फ्लॅटमध्ये राहील, तीच पूर्वेची खिडकी. व्याज शून्य.

हर्षदाला फोन करून विचारलं. म्हणाली, "तुम्हीच त्यांना नाही सांगा, आबा. माझा आवाज नीट निघणार नाही." रंभाकडे बघितलं. तिनेही नाही म्हणून मान हलवली.

साहेबरावांना नाही म्हणालो. त्या "नाही"ची किंमत रकान्यात लिहिली — सत्तावीस लाख.