दिवसा झोपणारा माणूस

२० मार्च १९८९, डोंबिवली

काय झालं ते क्रमाने —

१. रेती काढणाऱ्या बोटीने भगवानचं खाडीतलं जाळं फाडलं. दुसऱ्यांदा.
२. भगवानने बोटीवरच्या त्र्यंबकच्या हातावर वल्हं मारलं. हाड मोडलं.
३. कल्याण कोर्ट — एक वर्ष सक्तमजुरी.
४. ठाण्याला अपील. तोवर जामिनावर.
५. वकिलांचं म्हणणं, मारलं हे शाबीत आहे, ते पुसलं जाणार नाही. पण गुन्हा पहिलाच. तुरुंगाऐवजी प्रोबेशनवर सोडा, चांगल्या वागणुकीचा बाँड घ्या, एवढंच मागायचं. कोर्टाने प्रोबेशन ऑफिसरचा अहवाल मागवलाय.
६. माझा यात संबंध नाही.

पहिली चार त्याने स्वतःच सांगितली, वल्हवता वल्हवता, स्वतःची बाजू न घेता. पाचवं त्याच्या आईकडून, मनुबाईकडून कळलं. ती स्टेशनच्या पश्चिमेला मासे विकते.

सहावं तपासायला हवं. पुलाच्या सर्व्हेसाठी कंपनीने त्याची होडी भाड्याने घेतली होती. थंडीभर मी तीत बसून खाडीची खोली मोजली. दोरी मी सोडायची, होडी तो धरायचा. जानेवारीत काम संपलं. म्हणजे संबंधही.

२२ मार्च

होळी. कोळीवाड्याकडून ढोल ऐकू येत होते. आई म्हणाली, खिडकी लाव. लावली. तरी ऐकू येत होते.

२३ मार्च

सर्व्हेच्या शेवटच्या दिवशी उतरायचा धक्का मागे पडला तरी भगवान वल्हवत राहिला, पार वळणापर्यंत. मी विचारलं नाही. त्याने सांगितलं नाही. वळणावर होडी फिरवली आणि म्हणाला, "म्याडम, वारा सुटला." वारा नव्हता!

२९ मार्च

आमच्याकडे मासे खात नाहीत. मनुबाईपाशी थांबायला कारण लागतं. आज मांदेलीचे दोन वाटे घेतले.

"काय गो म्याडम, बामणाचे घरान मांदेली शिजवतेस?" बाजूच्या बाया हसल्या. मग ती हळू आवाजात म्हणाली, "कोर्टाचे अहवालाचा सायेब दोनदा आयला गो. दोनी वेळा भर दुपारी. पोर निजलेला. त्यानी लिवलं, कामधंदा नाय, दिसाचा झोपतं."

"तुम्ही सांगितलं नाहीत, रात्री जाळ्यावर असतो म्हणून?"

"सांगलं. तो बोलला, आई हाय, आई असंच बोलनार."

मांदेली तळमजल्यावरच्या बाईंना दिली. हाताचा वास जात नाही. फार धुतलाही नाही.

३ एप्रिल

अर्धी रजा टाकून ठाण्याला गेले. ऑफिसर वयस्कर, सरळ वाटले. समजावलं — जाळं पाण्याच्या वेळेला काढावं लागतं, घड्याळाच्या नाही. वेळ रोज पुढे सरकते. तुम्ही गेलात त्या आठवड्यात ती रात्रीची होती.

"म्हणजे रात्रपाळीच की!" हसले. "बरं झालं सांगितलंत, दुरुस्त करतो. पण बाई, खरी अडचण वेगळीच. बाप नाही. आई म्हणते पोरगा गुणी. सगळ्याच आया म्हणतात. उद्या पुन्हा जाळं फाटलं, डोकं फिरलं, तर याला आवरणार कोण? कोर्ट मला हेच विचारणार."

मी म्हटलं, माझं ऐकतो.

ते खरं आहे. एकदा तीच बोट अगदी जवळून गेली. तो वल्हं घेऊन उभा राहिला. मी म्हटलं, "भगवान, खाली बसा. आकडा चुकेल." तो बसला. वल्हं खाली ठेवलं.

"तुम्ही कोण त्याच्या?"

"ओळख आहे. सर्व्हेमुळे."

"सर्व्हे संपला ना?"

"हो."

"ओळखीवर अहवाल होत नाही, बाई. ओळखीचा माणूस उद्या बदलीवर जातो."

उठून आले. भित्री!

९ एप्रिल

पुण्याचे लोक बघून गेले. मुलगा इंजिनियर, बोलायला बरा. आई म्हणते, "अगं, नाही म्हणायला काही कारण तरी सांग." आनंददादा म्हणतो, "तिला मोजमाप घेऊन दे मुलाचं, मग सांगेल."

कारण सांगितलं नाही.

१४ एप्रिल

न मोजलेला आकडा मी कधी कागदावर लिहिलेला नाही. त्याच्या मनात काय आहे हे मोजलेलं नाही. माझ्या मनातलं मोजून झालंय — पुन्हा पुन्हा, उत्तर तेच.

एक वर्ष. आत पाण्याची वेळ कळत असेल का?

१७ एप्रिल

परत ठाण्याला. अहवाल अजून गेलेला नाही.

"पुन्हा तुम्ही?"

"मागच्या वेळी तुम्ही विचारलंत, मी त्याची कोण. उत्तर अपुरं दिलं."

मग पूर्ण दिलं. आवाज स्थिर होता. त्यांनी चष्मा काढला, पाहिलं, पुन्हा घातला आणि लिहून घेतलं.

"घरी माहीत आहे?"

"अजून नाही."

"सोपं नाही हे, बाई." फाईल जवळ ओढून म्हणाले, "पण हे असलं तर मी प्रोबेशनची शिफारस करू शकतो. गुरुवारी पंचवीस... नाही, मंगळवारी. पंचवीसला अहवाल कोर्टात देतो."

१८ एप्रिल

सकाळी पत्र टाकलं. मजकूर असा —

भगवान,
तुझ्या ऑफिसरना मी काल सांगितलं की आपलं लग्न ठरलं आहे. त्यांनी ते अहवालात घेतलं. तुला विचारलं नव्हतं. माझ्याकडून ते खरं आहे. तुझ्याकडून नसेल तर तसं सांग, मी स्वतः जाऊन ते वाक्य काढायला लावीन. तुझ्या रात्रीच्या कामाबद्दल लिहिलेलं तरीही राहील. सोमवार, २४ एप्रिलपर्यंत उत्तर कळव.
— चित्रा