लाल दोरा पहिल्या राऊंडला

आई, तुला जाऊन वीस वर्षं झाली, आणि परवा एका फायनलनं तुझी आठवण काढायला लावली. व्हिडिओ गेममधल्या मारामारीचे सामने बघून कोण कुठं चुकलं हे मी खेळाडूंना आणि बघणाऱ्यांना समजावून सांगतो. त्यावरच माझं घर चालतं. तू असतीस तर कपाळावर हात मारला असतास. तर फायनल हरली ती आपल्या सोलापूरचीच पोरगी. शेवटच्या राऊंडला समोरचा चालत आला, ही खाली बसून अडवायला गेली आणि त्यानं वरून हाणलं. खेळ खलास. घाबरली, असं सगळे म्हणाले. मीही तेच बोलणार होतो, तेवढ्यात तिचाच फोन. "दादा, खरं सांगा. घाबरून हरले आसंन तर सोडते खेळ. लई झालं आता."

तेव्हा तू आठवलीस. टॉवेलच्या कारखान्यात तू चेकिंगला होतीस. कापडात भोक दिसलं की बाकीच्या बायका तिथंच खूण करायच्या. तू मात्र बोटानं धागा धरून वर वर जायचीस आणि जिथं तो पहिल्यांदा सैल पडला तिथं लाल दोरा बांधायचीस. सुपरवायझर खेकसला की म्हणायचीस, "भोक हितं दिसतंय, पर सुरू तितनं झालंय की, सूतच सैल आलंय. मागावरच्या माणसाला उगं कशाला बोल लावताय?" मी सामन्याचं रेकॉर्डिंग तसंच मागं नेत गेलो, थेट पहिल्या राऊंडपर्यंत. तो तिनंच जिंकलेला, म्हणून कुणी नीट बघितलाच नव्हता. त्यात समोरचा जवळ येतो आणि नडगीवर एक हलकी लाथ मारतो. परत येतो, परत तीच लाथ. तिचं फारसं बिघडत नाही, उलट तोच मार खातोय. पण ती दर वेळी जरा लवकर खाली बसायला लागलीय. आई, अंगावर काटा आला माझ्या. अख्खा राऊंड घालवून त्यानं तिला बसायची सवय लावली होती! एवढा धीर येतो कुठून माणसात? आणि पोरगी तरी काय कमी, डोळ्याचं पातं लवायच्या आत लाथ ओळखत होती. मी खुर्चीतून उठून खोलीत नुसत्या फेऱ्या मारत होतो.

सगळं तिला फोनवर सांगितलं. ती म्हणाली, "म्हंजे मी घाबरले न्हवते?" नाही म्हटलं. "मग बसते की उद्या परत खेळायला."

तिला खरं सांगितलं, तुला मात्र नाही. शाळा बुडवून मी व्हिडिओ पार्लरमध्ये खेळत होतो, तेव्हा तू कारखान्यातून थेट मला शोधत आलीस. कान पिळशील वाटलं, पण तू पडद्याकडंच बघत राहिलीस. एक गडी दुसऱ्याला बडवत होता. "यातला तुजा कंचा रं?" मी मारणारा दाखवला. "लई चपळ हाय की!" म्हणालीस, आणि रागवायचं विसरून गेलीस. घरी आल्यावर शेजारणीलाही कौतुकानं सांगितलंस. हे तू वाचणार नाहीस म्हणूनच लिहितोय आई, मार खाणारा माझा होता.