कालव्याकाठी कुकरची शिट्टी

१४ मार्च २०२०, शनिवार

बँकॉक बोंबललं!

सकाळी सकाळी प्रसन्नचा फोन. 'माझं विमान रद्द झालंय, तू पण तुझं रद्द कर.' झालं! काय काय ठरवलं होतं! फेब्रुवारीत आईंचा हात मोडला म्हणून तो सांगलीला गेला. सासरे नाहीत, आई एकट्या, जायलाच हवं होतं. एप्रिलमध्ये तो तिकडून येणार, मी इकडून, आयर्लंडमधल्या कॉर्कहून, आणि बँकॉकला भेटायचं. लग्नाला दहा वर्षं होतायत. मग दोघांनी मिळून परत इथे, घरी. एक अर्ध्या दिवसाची सहल तर मी हट्टानं ठरवली होती — होडीतून बुद्धाची देवळं बघायची, आणि कालव्याकाठी चित्रकारांची वस्ती आहे तिथे जायचं. त्याला नुसतं समुद्रावर लोळायचं होतं. मी म्हटलं, एक दिवस तरी माझ्या मनासारखा.

प्लँट चालूच राहणार. औषधं बनवणारे घरी बसले तर कसं व्हायचं! लॅबमधली शिव्होन म्हणाली, 'यू आर ग्रँड, गिरिजा, काही होत नाही. दोन आठवड्यांचा तर प्रश्न आहे.'

११ एप्रिल २०२०

लग्नाचा वाढदिवस. शिरा केला. दोघांच्या अंदाजानं रवा घेतला गेला — सवय! तीन दिवस पुरेल आता.

९ ऑगस्ट २०२०

विमानं सुरू झालीत म्हणे. प्लँटमधला सारंग नागपूरहून बायकोला घेऊन परतसुद्धा आला. प्रसन्नला सांगितलं. 'आईला अशी टाकून कसा येऊ?' त्याचं ऑफिस तिकडून काम करू देतंय, त्यामुळे घाई नाही. बरोबर आहे. बरोबरच आहे. पण हात एवढे महिने मोडलेला राहतो का कुणाचा?

आईंचा राग येतो मला. एकदा म्हणाव्यात ना, 'जा बाबा, बायको एकटी आहे तिकडे.' नाही म्हणायच्या! मुलगा मिळालाय परत, कशाला सोडतील? मी त्यांना फोन करायचं बंद केलंय. त्यांचाही येत नाही.

१६ नोव्हेंबर २०२०

पाडवा. फोन डब्याला टेकवून उभा केला आणि फोनलाच ओवाळलं. वेडेपणा! निरांजन जवळ गेलं तर स्क्रीनवर काजळी धरली. प्रसन्न 'हो हो, झालं ना?' करत होता. मागे पांढरीशुभ्र भिंत. सांगलीच्या घराला पिस्ता रंग आहे. 'रंग काढला का रे?' तर म्हणाला, 'हां, दिवाळीचा.' आई कुठायत विचारलं. 'झोपल्यात.' दिवाळीच्या दिवशी, भर दुपारी?

असो. काजळी पुसली.

९ फेब्रुवारी २०२१

बँकॉकवाल्यांचा मेल! तुमची दोघांची जागा अजून आहे, म्हणे. येता येत नसेल तर घरबसल्या या — गाईड हातात फोन घेऊन फिरणार, आपण बघायचं, बोलायचं. तिकडची दुपार, माझी सकाळ, सांगलीची जेवणाची वेळ. सहा मार्च.

मला एवढा आनंद कशाला व्हावा? इथे पाच किलोमीटरच्या बाहेर जायची बंदी. घर, प्लँट, घर. शनिवारी दुकानातल्या मुलीनं 'हाऊ आर यू' विचारलं तर मी तिला दोन मिनिटं उत्तर दिलं! बिचारी.

प्रसन्नला लिंक पाठवली. 'बघतो, जमलं तर.' मी म्हटलं, जमव.

५ मार्च २०२१

उद्या सहल. तिखटामिठाच्या पुऱ्या केल्या. प्रवासाला निघायचं आणि पुऱ्या नाहीत, असं आमच्या घरात कधी झालं नाही. निळी साडी काढून ठेवली — बँकॉकसाठीच घेतली होती, कपाटात वर्षभर घडी न मोडता पडून होती.

प्रसन्न आला तर सगळं ठीक होईल. नुसतं शेजारी बसल्यासारखं होईल ना — अर्धा दिवस! मग विचारीन त्याला. नीट, न रडता. येणार आहेस की नाही, एवढंच.

शिव्होन आज पण, 'युवर मॅन अजून तिकडेच?' तिचं काही चुकत नाही. मलाच लागतं.

६ मार्च २०२१, शनिवार

सगळं क्रमानं लिहिते. नाहीतर उद्या मलाच खरं वाटणार नाही.

साताला बसले. साडी, कुंकू, पुऱ्यांचा डबा. गाईड नोक नावाची, पन्नाशीची, डोक्यावर भलीमोठी टोपी, सारखी हसणारी. कॅनडातली एक जाडगेली बाई, एक म्हातारं जर्मन जोडपं, आणि मी. मग एक काळा चौकोन उगवला. नाव — प्रसन्न. कॅमेरा बंद, आवाज बंद. पण आला! मी लगबगीनं पदर सारखा केला. हात हलवला. तिकडून काही नाही. म्हटलं असू दे, जेवत असेल.

होडी. मातकट पाणी, दोन्ही काठांना लाकडी घरं, पाण्यावर वाळत घातलेले कपडे. नोक पहिल्या देवळात शिरताना म्हणाली, आता बूट काढते. आणि मी — स्वयंपाकघरात खुर्चीवर बसलेली मी — पायातल्या सपाता काढून भिंतीकडे सरकवल्या. फरशी गार! कुणी बघितलं नाही. केवढा तो बुद्ध, छताला टेकलेला. उदबत्तीचा वास येईल असं वाटत राहिलं.

दुसरं देऊळ लहानसं. आत कुणीच नाही. नोक हळूच म्हणाली, इथे प्रत्येकानं मनातलं मागा, मोठ्यानं बोललात तरी चालेल, तुमच्या भाषेत. मग माझ्याकडे बघून, 'तुझा नवरा फारच शांत माणूस आहे हं!' सगळे हसले.

जर्मन आजोबा काहीतरी पुटपुटले. कॅनडावाली रडली. माझी पाळी आली. मराठी कळणारं होतं कोण तिथे, एक तो सोडला तर! सगळं पाठ केलेलं विसरले आणि म्हणाले, 'प्रसन्न, पुरे झालं रे आता. ये ना घरी. मला नाही राहवत एकटीला.'

नोकनं फोन हळूच बुद्धाच्या चेहऱ्याकडे वळवला.

आणि त्या बुद्धापुढे — कुकरची शिट्टी! कानठळ्या बसतील अशी. पाठोपाठ, 'अगं बाई! हे कुठलं बटण दाबलं गेलं!'

आई.

काळ्या चौकोनातून आईंचा आवाज. 'गिरिजा, मी आहे गं. प्रसन्नचा जुना लॅपटॉप आहे हा, म्हणून त्याचं नाव दिसत असेल. वरच्या मजल्यावरचा बाळू लावून देऊन गेला. प्रसन्ननं त्याला फोन करून सांगितलं, आईला गिरिजानं सहल काढून दिलीय म्हणून.'

मी स्क्रीनच्या अगदी जवळ सरकले.

'बोलायचं नसतं यात, नुसतं बघायचं, असं तोच बाळूला म्हणाला होता. तू साडी नेसलीस ते बघत होते की.' मग, 'घरी ये म्हणालीस त्याला. म्हणजे? तूच सांगितलंस ना, तिकडेच राहा म्हणून?'

मी! मी सांगितलं! विचारलं, तो आहे कुठे? 'पुण्यात की. दिवाळीच्या आधीच गेला. नवी नोकरी, नवा फ्लॅट. गिरिजाला मी तिथे नकोय, म्हणाला. मी म्हटलं, मोठी माणसं आहात, मी कशाला मध्ये पडू. तुझा राग आला होता मला. फार.'

पांढरी भिंत. शी! कसं कळलं नाही मला! मला म्हणायचा, आईला टाकून कसा येऊ. आईंना म्हणायचा, गिरिजाला नकोय. आम्ही दोघी बसलोय वर्षभर एकमेकींवर चरफडत, आणि हा पुण्यात.

रडले. सगळ्यांसमोर, साडीच्या पदरात तोंड खुपसून. कॅनडावाली 'ओह हनी, ओह हनी' करत राहिली. नोकनं विचारलं, थांबायचं का? बंद करणार होते मी. पण आई म्हणाल्या, 'सहल अर्धी टाकून उठू नये. तिला म्हणावं, चल पुढे. आणि डोळे पूस, बघतायत लोक.'

तर गेलो पुढे. कालव्याकाठची चित्रकारांची वस्ती — लाकडी जुनं घर, ओसरीवर माणसं मुखवटे रंगवत बसलेली. एक बाई नुसता ओठाचा लाल रंग भरत होती, मान वर न करता. पाण्यात जाड जाड मासे. नोक म्हणाली, तुमच्या वतीनं मी खायला घालते, कुणाच्या नावानं घालू? आईंनी आपल्या सांगली-इंग्रजीत ठणकावून सांगितलं, 'गिरिजा!' मी आईंचं नाव घेतलं, 'प्रभा.' पाणी नुसतं उसळलं.

शेवटी आई म्हणाल्या, 'हसू नकोस हं. ती देवळात शिरली तेव्हा मी चपला काढून ठेवल्या होत्या. घरातल्या घरात!'

मी खाली पाहिलं. माझे पाय अजून उघडेच होते.

७ मार्च २०२१

प्रसन्नला फोन. 'तू आईला कशाला मध्ये आणलंस?' — मी?! मग, 'मला सांगायचंच होतं, वेळ मिळत नव्हता.' मग, 'तिकडे माझा जीव गुदमरतो, गिरिजा. तुला कधी कळलंच नाही.' त्याला विचारलं, येणार नाहीस ना? 'नाही.' निदान हा एक शब्द तरी सरळ आला. ठेवला.

भांडी घासली. त्याचा कप पण घासला, तो वर्षभर वापरलेला नाही तरी.

२४ एप्रिल २०२१

बातम्या बघवत नाहीत. रोज उठल्या उठल्या आधी सांगलीला फोन. आईंना ताप. बाळू दारात डबा ठेवून जातो. 'चव नाही गं कशालाच. भडंग खाल्लं तर भुसा वाटला.' हसवायला बघत होत्या. मी इथे औषधांची बॅच पास करत बसलेय, आणि आईंना साधी पेज करून द्यायला कुणी नाही. प्रसन्न म्हणे येऊन जाणार आहे. जाणार आहे!

१० मे २०२१

ताप उतरला. जिभेला चव आली. पहिली तक्रार — बाळूच्या बायकोची आमटी पाणचट! जिंकलं.

३ ऑक्टोबर २०२१

फ्लॅट आता मोठा वाटतो. शिव्होननं जेवायला बोलावलं, गेले, बोलले, हसले. परत आले तर दिवा लावायचासुद्धा कंटाळा आला.

आज आईंना विचारून टाकलं. व्हिसा पुन्हा देतायत. कागद मी करते. येता का इकडे, थोडे दिवस? नातं काय राहिलंय आता, कुणाला काय सांगायचं, ते मला माहीत नाही. पण येता का?

तिकडे भांडी हलवल्याचा आवाज आला. मग, 'बघते, जमलं तर.'

तेच शब्द. त्याच घरातले.

१९ डिसेंबर २०२१

प्रसन्नचा फोन, कितीतरी दिवसांनी. आवाज घाबराघुबरा. सांगलीच्या दारात उभा होता. 'घराला कुलूप आहे, गिरिजा. बाळू काही बोलायला तयार नाही. आईचा फोन लागत नाही. तुला काही माहीत आहे का? आई कुठेय?'

मी तोंड उघडायच्या आत आमच्या स्वयंपाकघरात शिट्टी झाली. आणि मागोमाग, 'अगं गिरिजा, तिसरी झाली गं, बंद करते मी!'

त्यानं ऐकलं. मी फोन ठेवला. पानं घ्यायची होती.