शेंदूर म्या लावला

२ नोव्हेंबर, रविवार

आजची टिरिप फ्लॉप. सहा जण, जालन्याचे. त्यात एक रिटायर साहेब अन् त्याची बहीण. गढीवर नेलं तं साहेब म्हणते, "किल्ला म्हणून सांगतलं होतं न तुम्ही? हे तं मातीचं ढिगाड हाय." आता गढी मातीचीच असते. तिले संगमरवर कोठून आणू? पण गोष्ट खरी हाय. एक बुरूज, अर्धी भिंत, आत बारव, बाकी बाभळी. दहा मिनटात पाहून झालं.

बहीण म्हणे, "इथं काही घडलं का हो कधी?"
"लय घडलं."
"काय?"
तिथंच अडकलो.

मग नंदाताईच्या बागेत. भरीत, कळण्याची भाकर, ठेचा. जेवणावर सगळे खूश. मग ताईनं टाक्या दाखवल्या, ग्लासात दोन-दोन बोटं वाईन देली. साहेबानं तोंड असं केलं का जसं कोणी काढा पाजला. बाटली एकानंही नाही घेतली.

नंदाताई (पुढं नं.ता. लिहीन, हात दुखते) नाशकाले वाईन करणं शिकून आली. दोन टाक्या, दोन एकर द्राक्षं. गावात तिले दारूवाली म्हणतात. इकडं तिची वाईन कोणी घेत नाही. रविवारी माह्या टिरिपीतले लोक घेतात, तेवढीच खपते. टिरिप बंद तं ती बंद. अन् मीही, म्हणा. बारावी दोनदा नापास माणसाले दुसरं कोण ठेवते?

ताई म्हणे, "गोट्या, लोकाचं गढीवरच तोंड उतरलं तं इथं वाईन आंबटच लागते." ही वही तिनंच देली. म्हणे लोक काय इचारतात ते लिहून ठेवत जाय. लिहिलं. लोक इचारतात, काय घडलं.

८ नोव्हेंबर, शनिवार

आयडिया!!

बुरुजाखाली एक उभा दगड हाय, गुडघ्याएवढा. कोण्या भिंतीचा असन. आईच्या देव्हाऱ्यातून शेंदूर उचलला, तेलात कालवला, दोन हात देले. बाजारातून पितळी डोळे आणले होते, ते चिकटवले. मागं सरकून पाह्यलं तं मलेच जरा कसंतरी झालं. शंभर वर्सापासून बसून राह्यला असा दिसते.

मिल्या संग होता. मिल्या म्हणजे मिलिंद. सात शिटाची गाडी त्याची, ड्रायव्हर तोच, पहिलीपासूनचा दोस्त. त्याले नाही आवडलं.

"पुसून टाक बे."
"काऊन?"
"आमच्या घरी दगडाले हात जोडत नाहीत. पण तुमच्या लोकायचं मले माहीत हाय. शेंदूर लावाले एक माणूस लागते. काढाले गावात एक नाही भेटत."

म्या म्हटलं, एका रविवारपुरतं हाय, रडू नको.

९ नोव्हेंबर, रविवार

हिट. एकदम हिट.

दौलतबाबा. गढीचा दरवान. वेढा पडला, सगळे पळाले, यानं दरवाजा धरला. सात दिवस पाण्याचा थेंब नाही. आठव्या दिवशी उभ्याउभ्या गेला, पण पडला नाही. तोच हा दगड. म्हणून बाबाले घोटभर काही पाजल्याबगर इथून कोणी खाली उतरत नाही.

हे सगळं म्या गाडीतून उतरल्यावर जोडलं. चढताचढता.

अकोल्याची एक डॉक्टरीणबाई रडली. खरंच रडली. सगळ्यायनं आपापल्या बाटलीतलं पाणी ओतलं. एक चष्मेवाली पोट्टी, असन आठ-नऊ वर्साची, तिनं इचारलं, "काका, आत बारव आहे ना, मग तहानेनं कसा मेला?" मिल्या तिकडे तोंड करून हासून राह्यला. म्या म्हटलं, "बेटा, दरवाजा सोडून पाण्याले गेला असता तं त्याले बाबा कोण म्हणालं असतं?" टाळ्या!

बागेत वाईन पाणी पिल्यासारखी गेली. खोके खाली. नं.ता. म्हणे, "हा दौलतबाबा कोण?"
"आजा सांगे."
"तुहा आजा तं मुका होता न रे?"
मग हासली. म्हणे, खोटं तं खोटं, सांगतो मस्त.

२३ नोव्हेंबर, रविवार

आता टिरिप उलटी केली. आधी बाग अन् जेवण, मग गढी. म्हणजे बाबाले पाणी नाही, वाईनच भेटते. लोकाले लय मजा येते. थेंबथेंब ओततात, फोटो काढतात. जानेवारीपर्यंत रविवार फुल. ताईनं नवीन ग्लास आणले. माह्यासाठी निळी टोपी. पाठीवर कोणी हात ठेवून "गाईडसाहेब" म्हणे. मले! मास्तर मले वर्गात उभं करून म्हणे, हे पाहा, असं होऊ नका.

दगडापुढं नारळ फोडलेला होता. आमच्यातल्या कोणी नाही फोडला.

३० नोव्हेंबर, रविवार

हिरामावशीची बकरी तीन दिवसापासून गायब होती. गढीवर सापडली. तिथं बाभळीच्या शेंगा हायेत, बकरी दुसरीकडं जाईन कायले? पण मावशी म्हणते बाबानं धरून ठेवली. आज दगडाले हार, लुगड्याचा खण, पाच लिंबं. शेंदराचा दुसरा हात बसला. माहा नाही.

मिल्या म्हणे, "अजून येळ हाय."
हाव, पाहू.

३ डिसेंबर, बुधवार

दुपारी सामसूम पाहून गेलो. रॉकेलचा बोळा खिशात. दगडापाशी बसलो अन् हात लावला तं मागून आवाज, "ए! काय करून राह्यला रे?" पाह्यलं तं दोघी जणी. एक माही आई.

अनवाणी. इतल्या गोट्याकाट्यातून.

म्हणे, "बाबा निघाला ऐकलं. तू रोज येतो न इकडं, घरी सांगता नाही येत?" मग दगडापुढं बसली. नवस बोलली, जोरात, लाजली नाही. "माह्या गोट्याचं काम टिकू दे. पह्यल्यांदा पोट्टं सकाळी आपलंआपलं उठून राह्यलं. पाच मंगळवार अनवाणी येतो."

मी बोळा मुठीत धरून उभा. हात वास मारून राह्यला.

घरी येताना हासू आलं नाही. कोशिश केली.

१४ डिसेंबर, रविवार

गेलं.

गाडी गढीखाली थांबली तं दहा-बारा जण उभे. पुढं किसनतात्या, भजनी मंडळाचे, गळ्यात माळ. तात्या वाईट माणूस नाही. माह्या बाच्या मयताले सगळ्यात आधी तेच आले होते. म्हणाले, "बूट काढा. अन् हे हातात काय? दारू? देवाच्या दारात?"

म्या म्हटलं, "तात्या, बाबाचीच रीत हाय ते."
"कोणती रीत? कोणी सांगतली?"
आता काय सांगू कोणी सांगतली.

एकानं पाहुण्याच्या हातून बाटली घेतली अन् वाटेतल्या दगडावर फोडली. एका बाईच्या ड्रेसवर सगळी लाल. तिले वाटलं रगत निघालं, किंचाळली. सहाच्या सहा गाडीत जाऊन बसले, काचा वर.  चिखलीले उतरताना एक जण म्हणे, "तुम्ही तरी सांगायचं होतं, हे एवढं पवित्र ठिकाण आहे म्हणून."

गावानं गढीखाली फळा लावून लिहून टाकलं. श्री दौलतबाबा संस्थान. पर्यटकांस बंदी.

१६ डिसेंबर, मंगळवार

ताईकडं गेलो. म्हटलं गढी गेली तं गेली, सिंदखेडराजाले नेऊ. तिथं खरा राजवाडा हाय, खोटं सांगाचं काम नाही.

ती टाकीची तोटी पुसत होती. थांबली. म्हणे, "तिथून डोकं टेकून निघालेला माणूस मी इथं ग्लास घेऊन बसवू? गाव सोड, मलेच नाही चालत."

मग सांगून टाकलं. शेंदूर, डोळे, सगळं. तिले अर्धं माहीतच होतं. हातातलं फडकं पिळून वाळत टाकलं. मग, "मी हासली होती न रे तेव्हा. बाटल्या खपून राह्यल्या म्हणून हासली." शिव्या देल्या असत्या तं बरं झालं असतं.

मंगळवार होता. आई आजही अनवाणी जाऊन आली.

२१ डिसेंबर, रविवार

मारुतीच्या पारावर सभा. म्या ठरवूनच गेलो. शेवटी उभा राह्यलो अन् एका दमात म्हटलं, "तो देव नाही. दौलतबाबा कोणी नव्हता. शेंदूर म्या लावला, आठ नोव्हेंबरले. डोळे बाजारातून आणले."

 मग जे हासले, जे हासले.

"बस खाली बे."
"याचंच ऐका आता. आधार कार्डाची झेराक्स आणा, फुकट पंप भेटून राह्यले!"

ती थाप म्याच मारली होती, दोन वर्साआधी, पंचायतीच्या भोंग्यावरून. तीनशे माणूस उन्हात उभा केला होता.

म्या ओरडलो, "आईची आन! मिल्याले इचारा!" मिल्या उठला. म्हणे, "हाव, माह्यासमोर लावला." मागून कोणी बोललं, "यायले आपल्या देवाचं काय." मिल्या चप्पल घालून निघून गेला. ते माह्याच्यानं पाह्यलं नाही गेलं.

मग तात्या उठले. शांतीनं. "लेकरू खोटं बोलून नाही राह्यलं. यानंच लावला असन." मले वाटलं सुटलो. तात्या पुढं म्हणे, "पण मले सांगा, या पोट्ट्याले एवढी अक्कल हाय? गढीत हजार गोटे. यानं तोच काऊन निवडला? ते नाव याच्या तोंडात कोणी घातलं? बाबानं याच्या हातून लावून घेतला."

टाळ्या. एका म्हातारीनं माह्या पायाले हात लावला.

२२ डिसेंबर, सोमवार

आई सकाळपासून घरोघर. "माह्या पोराच्या हातानं देव आला." इतल्या वर्सात माह्यावरून तक्रारी ऐकून ऐकून तिची मान वाकली होती. आज सरळ. ताटात दोन भाज्या वाढल्या.

"आई, मी खोटं सांगतलं होतं सगळ्यायले."
"हाव, माहीत हाय मले. देवाले खोट्या माणसाचं काम पडत नाही का?"



मिल्याच्या घरी गेलो. तो अंगणात गाडी धुवत होता. म्हटलं, काल माह्यामुळं... म्हणे, "पाण्यात उभा नको राहू, सरक." बस्स. शिवी देली नाही, घरात ये बी म्हणे नाही.

२९ डिसेंबर, सोमवार

जेसीबी आली. भिंत पाडली, पार्किंगसाठी. बारव बुजवली, लेकरं पडतीन म्हणून. सव्वा दिवसात काम खलास. बुरूज ठेवला, दगडाच्या पाठीमागं चांगला दिसते म्हणून.

म्या बारवेच्या काठावर उभं राहून पाह्यलं. गढीबद्दल मले खरं काहीच माहीत नव्हतं. कोणी बांधली, केव्हा. कोणाले इचारलंही नाही. आता इचारून काय पाहाचं हाय?

८ जानेवारी, गुरुवार

गावानं अर्ज देला, ताईचं लायसन बंद करा म्हणून. अंगठे, सह्या. आईचीही सही. तिले वाटलं बाबावर शेड बांधाची हाय, त्यासाठी हाय.

पण ताई अर्जाची वाट पाहून नाही राह्यली. टाक्या विकल्या, नाशिकच्या माणसाले. औंदाची द्राक्षं बेदाणेवाल्याले. वेलीवर घड असे भरले हायेत का हात लावू वाटत नाही. मी तिच्यामागं मांडवातून फिरलो. ती एक एक घड पाहे अन् पुढं जाये. म्हटलं, "ताई, पुढच्या वर्सी परत..."

"गोट्या, पुरे आता."

रागानं नाही म्हणाली. लेकराले झोप म्हणतात तसं.

१४ जानेवारी, बुधवार

संक्रांत. तात्या तिळगूळ घेऊन घरी आले, संग दोघं. संस्थानात नोकरी देतात मले. कायची? लोकाले बाबाची गोष्ट सांगाची. जानेफळ, अमडापूर, पार मोताळ्यापासून लोक येऊन राह्यले. माईक घेतला हाय. म्हणे, "तुह्यासारखी कोणाले जमत नाही रे. आम्ही सांगतो तं लोक उठून जातात."

म्या म्हटलं, ते वाईनचं?
"ते गाळ. दूध सांग."

आई दाराआडून ऐकत होती. तिचा पाचवा मंगळवार कधीच झाला. तिचा नवस फिटला न. काम टिकलं.

मी हो म्हटलं नाही, नाही म्हटलं नाही. तात्यानं ते हो धरलं.

१८ जानेवारी, रविवार

सकाळचे साडेआठ. घाईत लिहून राह्यलो.

आज शेडचं उद्घाटन. भोंगा तपासून राह्यले, हॅलो हॅलो. दहाले माही पाळी. अन् आजच ताईच्या टाक्या निघतात. टेम्पो मिल्याच घेऊन चालला, गाडी विकून तोच चालवते आता. काल रस्त्यात भेटला, जवळजवळ महिन्यानं पह्यल्यांदा बोलला. "टाकीले चार माणसं लागतात. तीनच हाओत." एवढंच. ये म्हणे नाही.

मघाशी एक बाई दारापर्यंत आली. कडेवर पोरगं, बोलत नाही म्हणे, सहा वर्साचं झालं. मले म्हणे, "तुमच्यासंग बाबा बोलते न? माह्या लेकराचं इचारता का?" पोरगं माह्याकडं टकामका पाहे. म्या म्हटलं, डॉक्टरले दाखवलं का. म्हणे, दाखवलं, आता तिकडलं बंद केलं. म्या म्हटलं, बंद नका करू मावशी. ती हासली, कसं म्हणजे, जसं का मी तिची परीक्षा पाहून राह्यलो. अन् गेली वर, बुरुजाकडं.

टेम्पो खाली कोपऱ्यावर थांबला हाय, इथून टप दिसते. मिल्यानं हॉर्न मारला. एक. थोड्या येळानं दुसरा.

आई पांढऱ्या शर्टाचं वरचं बटन लावून राह्यली. म्हणे, मान वर कर. लिहिता येत नाही असं.